खिळा ठोकायचा नाही

२००३ च्या पावसाळ्यात मी सदाशिव पेठेत कॉट बेसिसवर राहत होतो. एका खोलीत तीन कॉट, तीन पत्र्याची कपाटं, एक खिडकी, आणि खिडकीबाहेर शेजारच्या वाड्याची कायम ओली भिंत. घरमालकीण काकूंच्या अटी तोंडी होत्या, पण आम्हाला लेखी असल्यासारख्या पाठ होत्या. रात्री साडेदहानंतर दिवा नाही. मित्र आले तर जिन्यातच बोलायचं. खोलीत अंडं आणायचं नाही. आणि भिंतीला खिळा ठोकायचा नाही.

लातूरच्या रूममेटकडे असेंबल केलेला कॉम्प्युटर होता. पंधरा इंची मॉनिटर, मागे एवढा मोठा डेरा की टेबल भिंतीला लागायचं नाही. साडेदहानंतर सिनेमा बघायचा तर दाराच्या फटीतून उजेड जाऊ नये म्हणून आम्ही तिघं डोक्यावरून चादर घेऊन मॉनिटरला चिकटून बसायचो, सर्दी झाल्यावर वाफारा घेतात तसे. हेडफोन एकच. दोन कान दोघांना, तिसऱ्याने नुसते सबटायटल्स वाचायचे. पाळी ठरलेली असायची.

ज्या रात्री ‘घोस्ट इन द शेल’ लावला, त्या रात्री तिसरा मी होतो.

त्यामुळे जपानी दिग्दर्शक मामोरू ओशीचा हा ॲनिमेशन सिनेमा मी पहिल्यांदा पाहिला तो मुक्याने. आणि तसा पाहिला हे बरंच झालं म्हणायचं, कारण मध्यावर एक असा भाग येतो जिथे कुणी काही बोलत नाही आणि काही घडतही नाही. तीन मिनिटांहून जरा जास्त. पाऊस पडतोय, कालव्यातून बोट चाललीय, जुन्या इमारतींच्या फटीतून विमानाचं पोट सरकत जातं. नायिका बोटीतून वर बघते तर एका काचेमागे हुबेहूब तिचाच चेहरा असलेली बाई बसलेली. ना ओळख, ना पाठलाग. बोट पुढे जाते. दुकानाच्या काचेत कपड्यांच्या बाहुल्या उभ्या. पुन्हा पाऊस. रूममेट म्हणाला, “अडकला काय रे?” आणि त्याने माउस हलवून बघितला.

अडकला नव्हता. पण मी अडकलो. दुसऱ्या दिवशी हट्टाने दोन्ही कान माझ्याकडे घेऊन तोच भाग पुन्हा लावला, आणि मग संगीतकार केंजी कावाईचं ते समूहगान ऐकलं. जुन्या जपानी भाषेत लिहिलेलं लग्नाचं गाणं, लोकसंगीत गाणाऱ्या बायकांच्या आवाजात, मध्ये एखादा ढोलाचा ठोका आणि भरपूर रिकामी जागा. यंत्रमानवांच्या सिनेमात लग्नाचं गाणं का, हे शेवटी कळतं. ते इथे सांगत नाही.

मात्र त्या भागाच्या जरा आधीचा एक संवाद सांगायलाच हवा. नायिका मोतोको कुसानागी सरकारी सुरक्षा विभागात मेजर आहे. मेंदूचा थोडा भाग सोडला तर तिचं सगळं शरीर कारखान्यात बनलेलं. समुद्रात बुडी मारून ती बोटीवर येते, सहकारी बातोबरोबर बिअर घेत बसते आणि बोलता बोलता सांगून जाते की आपल्याला नोकरी सोडायची मुभा आहे की. फक्त हे शरीर सरकारला परत द्यायचं, आणि त्याबरोबर त्यातल्या आठवणीही.

चादरीखाली हे वाचताना मला आधी ‘वासांसि जीर्णानि’ आठवलं. आपल्याकडच्या कुणालाही आठवेल. शाळेत गीतेच्या स्पर्धेला पाठ केलेलं असतं. पण दुसऱ्या दिवशी ऑफिसला जाताना पीएमटीत लोंबकळताना लक्षात आलं की छे, हे जमत नाही. गीतेतला माणूस वस्त्रं टाकून देतो, ती त्याची असतात. मेजरची वस्त्रं तिची नाहीतच. ती भाड्याने राहतेय. कॉट बेसिसवर.

हा शोध मला तेव्हा फार मोठा वाटला होता. पुढे ओशीचे जमतील तितके सिनेमे पाहिले, त्याच्याबद्दल वाचलं, तेव्हा कळलं की भाडेकरूपण हा त्या सिनेमातला एक संवाद नाही, या माणसाचा धंदाच तो आहे.

ओशी १९५१ चा, टोकियोचा. वडील खाजगी गुप्तहेर होते, आणि त्या धंद्यात काम कमी, मोकळा वेळ जास्त. सिनेमाचं वेड असलेले वडील लहानग्या मामोरूला घेऊन थिएटरात जाऊन बसायचे. पुढे शाळकरी वयातच तो १९६० च्या दशकाच्या शेवटच्या विद्यार्थी आंदोलनांत ओढला गेला. ते आंदोलन विरलं. १९७६ साली टोकियो गाकुगेई विद्यापीठातून पदवी, पुढच्या वर्षी तात्सुनोको या ॲनिमेशन स्टुडिओत नोकरी. १९८० मध्ये गुरू हिसायुकी तोरिउमी यांच्या मागोमाग स्टुडिओ पिएरोमध्ये. इथवर कुणाच्याही बायोडेटात शोभेल असं.

१९८१ मध्ये त्याला पहिलं मोठं घर भाड्याने मिळालं. रुमिको ताकाहाशीच्या तुफान लोकप्रिय कॉमिकवरची ‘उरुसेई यात्सुरा’ ही मालिका. परग्रहावरची शिंगवाली मुलगी, लंपट शाळकरी पोरगा, धमाल. त्यावरचा १९८३ चा पहिला चित्रपट ओशीने चाहत्यांना हवा तसा केला. सगळे खूष, तो सोडून. मग १९८४ मध्ये दुसरा चित्रपट आला, ‘ब्यूटिफुल ड्रीमर’, आणि त्यात या भाडेकरूने पहिला खिळा ठोकला.

शाळेत उद्या स्नेहसंमेलन आहे. पोरं रात्रभर जागून तयारी करतायत. सकाळ होते आणि स्नेहसंमेलन पुन्हा ‘उद्या’ असतं. तोच दिवस परत परत. आधी शिक्षकांना शंका येते, मग पोरं घरी जायला निघतात तर रस्ता फिरून शाळेपाशीच येतो. शेवटी विमानातून बघतात तर त्यांचं अख्खं गाव एका प्रचंड कासवाच्या पाठीवर अवकाशात तरंगतंय. ज्या पात्रांवर लोक प्रेम करतात, ती कधी मोठी होणार नाहीत, त्यांची शाळा कधी संपणार नाही, म्हणून तर मालिका चालते. ओशीने त्या मालिकेतच उभं राहून ते बोलून दाखवलं. घरात राहायचं आणि घरमालकाला सांगायचं की तुमच्या घराला बाहेर जायचा दरवाजाच नाही. मूळ लेखिकेला हा चित्रपट रुचला नाही असं सांगतात, आणि मला त्यात तिची बाजूही कळते. तो चित्रपट माझ्या पहिल्या पाचात आहे, हे वेगळं. त्याच वर्षी ओशीने पिएरो सोडलं.

पुढचं घर मिळता मिळता गेलं. ‘लुपाँ तिसरा’ या चोराच्या मालिकेवरच्या चित्रपटासाठी दिग्दर्शक हायाओ मियाझाकीने त्याचं नाव सुचवलं होतं. ओशीने कथा अशी मांडली की लुपाँ नावाचा कुणी मुळात नव्हताच. निर्मात्यांनी काय केलं असेल ते सांगायला नको. लुपाँ विकायला निघालेल्या माणसांना लुपाँ नाहीच असं सांगायला जायचं, याला मराठीत जो शब्द आहे तो लिहिण्यासारखा नाही.

आणि मग १९८५ मध्ये त्याने स्वतःचं घर बांधलं. ‘एंजल्स एग’. चित्रकार योशिताका आमानोबरोबर, ७१ मिनिटांचा, व्हिडिओसाठी केलेला. ओसाड गावातून एक मुलगी फ्रॉकखाली मोठं अंडं जपत चाललीय. खांद्यावर क्रुसासारखं शस्त्र घेतलेला एक माणूस तिच्यामागे येतो. गावातले कोळी भिंतींवरून पोहणाऱ्या माशांच्या सावल्यांवर भाले फेकतात. संवाद अगदी मोजके. रात्री मुलगी झोपते, शेकोटी जळत राहते, माणूस बसून राहतो, आणि कॅमेरा इतका वेळ हलत नाही की आपणच कूस बदलतो. मग तो अंडं फोडतो.

(हा आम्ही त्याच खोलीत पाहिला. काकूंच्या अटीचा तो तांत्रिक भंग होता, यावर तिघांचं एकमत झालं.)

या घरी कुणी आलं नाही. लोकांना कळला नाही, आणि त्यानंतर कामं येणं जवळजवळ थांबलं. चाळीस वर्षांनी, २०२५ मध्ये, त्याची नव्याने स्वच्छ केलेली प्रत कान महोत्सवात जुन्या अभिजात चित्रपटांच्या विभागात दाखवली. चाळीस वर्षं म्हणजे भाडेकरूच्या हिशेबात फार होतात.

हे सगळं मला जरा जास्तच लागतं त्याला कारण आहे. मी सॉफ्टवेअरमध्ये आहे असं म्हणतो तेव्हा लोकांना वाटतं मी काही बनवतो. मी बनवत नाही. दुसऱ्यांनी लिहून सोडून दिलेला कोड चालता ठेवतो. मेंटेनन्स. फाइल उघडावी तर वर २००१ सालची तारीख आणि कुणाची तरी आद्याक्षरं. हा माणूस कधीच सोडून गेलेला. त्याने हे असं का लिहिलं असेल याचा विचार करत मी कित्येक दुपारी घालवल्यात. म्हणून ‘पॅटलेबर’चा पहिला चित्रपट हा माझ्यासाठी रोबोंचा सिनेमा कधी नव्हताच.

‘पॅटलेबर’ हे पाच जणांनी मिळून उभं केलेलं घर. हेडगियर असं त्या मंडळींचं नाव. कॉमिक काढणारा, यंत्रं आखणारा, पात्रं रेखाटणारी, पटकथाकार काझुनोरी इतो, आणि सगळ्यांत शेवटी आत घेतलेला बेकार दिग्दर्शक ओशी. कल्पना साधी: बांधकामासाठी ‘लेबर’ नावाची अवजड, माणूस आत बसून चालवायची यंत्रं निघालीत, तर त्यांच्यामुळे होणारे गुन्हेही निघणार, म्हणून पोलिसांचं त्यासाठी एक पथक. १९८८ मध्ये व्हिडिओवर मालिका आली, हलकीफुलकी. १९८९ मध्ये चित्रपट.

टोकियोच्या उपसागरात भराव घालून नवं शहर वसवण्याचा प्रचंड प्रकल्प चाललाय. एक प्रोग्रामर, होबा त्याचं नाव, पहिल्याच दृश्यात समुद्रातल्या उंच बांधकामावरून उडी टाकतो, चेहऱ्यावर हसू. सिनेमाचा खलनायक दोन मिनिटांत मेलेला. मागे राहते त्याने लिहिलेली ऑपरेटिंग सिस्टिम, जी शहरातल्या हजारो लेबर यंत्रांत आधीच बसवून झालीय. ठरावीक वेगाचं वारं सुटलं की उंच इमारती कानाला न ऐकू येणाऱ्या सुरात गुणगुणायला लागतात, आणि तो सूर ऐकून यंत्रं बेफाम होतात. वादळ येऊ घातलंय. दोष कोडमध्ये आहे हे सगळ्यांना कळलंय, लिहिणारा सापडणार नाही. ही परिस्थिती मी शुक्रवारी संध्याकाळी सहा वाजता अनेकदा अनुभवली आहे, वादळाशिवाय.

पण ओशीचा जीव आहे तो मधल्या भागात. दोन पोलीस होबाचा माग काढत टोकियोभर फिरतात. होबा सतत घरं बदलायचा, आणि प्रत्येक घर पाडायला आलेल्या जुन्या वस्तीतलं. उन्हाळा, घाम, रातकिड्यांसारखी अखंड किर्र. पाण्याकाठची मोडकी लाकडी घरं, वाळत घातलेल्या कपड्यांच्या रिकाम्या दोऱ्या, रिकामा पिंजरा, आणि प्रत्येक फ्रेमच्या वरच्या अर्ध्या भागात चकचकीत नवे मनोरे. थोरला पोलीस घाम पुसतो आणि बघत उभा राहतो. गोष्ट पुढे सरकत नाही. हा चित्रपट जुलै १९८९ चा. जपानमधल्या जमिनीच्या किमती आभाळाला टेकलेल्या, शेअर बाजाराचा निर्देशांक त्याच वर्षाच्या अखेरीस शिखरावर जाऊन मग कोसळला. ओशीने छायाचित्रकार हारुहिको हिगामीला बरोबर घेऊन हे टोकियो खरोखर पालथं घातलं होतं, फोटो काढून घेतले होते, आणि मग ते रेखाटून घेतलं. त्यातलं आज बहुतेक नसेल.

इथे जरा थांबून एक कारागिरीची गोष्ट. हाताने काढलेल्या सिनेमात स्थिर चित्र ही काटकसर असते. सेकंदाला चोवीस फ्रेम, पण जपानी टीव्हीत सर्रास तीन फ्रेमना एक चित्र, म्हणजे सेकंदाला आठ. पैसे संपले की पात्र उभंच ठेवायचं आणि नुसते ओठ हलवायचे. ओशीने ही काटकसर उलटी फिरवली. माणसं हलत नाहीत तेव्हा तो पाणी हलवतो, काचेवरचं प्रतिबिंब हलवतो, पाऊस पाडतो. मेजर कुसानागीच्या पापण्याही तो क्वचितच लववतो, बाहुलीसारखी वाटावी म्हणून. हे जमण्यासाठी लेआउटवर त्याची हुकूमत लागते. म्हणजे रंग, हालचाल वगैरे सुरू होण्याआधी प्रत्येक शॉटचा कागदावरचा आराखडा, कॅमेरा कुठे, कुठलं भिंग, माणूस केवढा. ‘पॅटलेबर’च्या दुसऱ्या चित्रपटाच्या लेआउटचं तर वेगळं पुस्तकच निघालं, आणि ते आराखडे काढणाऱ्यांत पुढे स्वतः मोठा दिग्दर्शक झालेला सातोशी कोन होता.

तो दुसरा चित्रपट १९९३ चा, आणि यात तर ओशीने घराच्या भिंतीच पाडल्या. मालिकेतले लाडके रोबो जवळपास गायब. आधीच्याच वर्षी जपानने कायदा करून शांतिसेनेसाठी आपले सैनिक कंबोडियात पाठवले होते. चित्रपट सुरू होतो तो आग्नेय आशियातल्या अशाच एका तुकडीपासून. गोळी झाडायची परवानगी मागत मागत ती तुकडी मारली जाते. वाचलेला एकटा अधिकारी मायदेशी येतो आणि टोकियोत युद्धाचा देखावा उभा करतो. योकोहामाचा पूल क्षेपणास्त्राने उडतो, प्रत्यक्षात नसलेली विमानं रडारवर दिसतात, चौकाचौकात रणगाडे येऊन थांबतात, त्यांच्यावर बर्फ पडत राहतं आणि लोक कामावर जात राहतात. रणगाड्याजवळून जाणारी शाळकरी पोरं हात हलवतात. अन्यायाची शांतता बरी की न्यायाचं युद्ध, यावर दोन माणसं बोटीत बसून लांबलचक बोलतात. ओशीच्या सिनेमात महत्त्वाचं बोलायचं तर बोट लागतेच. लहानपणीच्या आंदोलनाचं काय झालं याचं उत्तर त्याने इथे दिलं असं मला वाटतं, आणि त्याच्या सगळ्या कामात हा चित्रपट मी सगळ्यांत वर ठेवतो. ‘घोस्ट इन द शेल’च्याही वर. भांडायचं असेल तर भांडू.

‘घोस्ट’ आला नोव्हेंबर १९९५ मध्ये. घर मासामुने शिरोचं. त्याचं कॉमिक चटपटीत, तळटीपांनी भरलेलं, त्यातली मेजर खोडकर, तोंड वेंगाडणारी. ओशीने तिचं हसू काढून घेतलं, शहर हाँगकाँगच्या धर्तीवर आखून घेतलं (तेव्हा काई ताक विमानतळ चालू होता आणि विमानं खरोखर काऊलूनच्या गच्च्यांवरून उतरायची), आणि ८२ मिनिटांत प्रश्न एवढाच ठेवला की शरीर, नोकरी, आठवणी सगळं दुसऱ्याचं असेल तर उरतं ते कोण. जपानी थिएटरांत तो बेताचाच चालला. १९९६ मध्ये मात्र अमेरिकेत व्हिडिओ विक्रीच्या बिलबोर्ड यादीत तो पहिल्या क्रमांकावर गेला. ‘मॅट्रिक्स’ काढणाऱ्या भावंडांनी निर्मात्याला हाच सिनेमा दाखवून सांगितलं होतं की हे आम्हाला खऱ्या माणसांना घेऊन करायचंय.

त्यानंतरचं मी भरभर सांगतो, कारण मलाच सगळं सारखं आवडलेलं नाही. २००१ चा ‘ॲव्हलॉन’ त्याने पोलंडमध्ये जाऊन पोलिश नट घेऊन पोलिश भाषेत केला. २००४ चा ‘इनोसन्स’ कानच्या मुख्य स्पर्धेत गेला. त्यातली बाहुल्यांची मिरवणूक डोळे दिपवते, पण पात्रं कन्फ्यूशियस आणि मिल्टनची अवतरणं एकमेकांच्या अंगावर इतकी फेकतात की एखाद्या व्याख्यानमालेला बसल्यासारखं होतं. २००८ चा ‘द स्काय क्रॉलर्स’, हिरोशी मोरीच्या कादंबरीवरचा, मात्र चुकवू नये. कंपन्यांनी करमणुकीसाठी चालवलेलं युद्ध, आणि कधीच मोठे न होणारे वैमानिक, जे मेले की त्याच सवयी घेऊन दुसऱ्या नावाने परत येतात. वर्तमानपत्राची घडी घालण्याच्या लकबीवरून आपल्याला कळतं की हा मागचाच. ‘ब्यूटिफुल ड्रीमर’मधली पोरंच ही, फक्त आता कुणी हसत नाही.

२०१७ मध्ये हॉलिवूडने ‘घोस्ट’ खऱ्या माणसांत काढला आणि जपानी मेजरच्या भूमिकेत गोरी नटी का, यावर मोठा गदारोळ झाला. ओशीला विचारलं तर तो म्हणाला, मेजरचं शरीर काय किंवा नाव काय, मूळचं तिचं नाहीच, तेव्हा हरकत कसली. त्या वादात दुसऱ्या बाजूलाही दम होता. पण दुसऱ्यांच्या घरांत आयुष्य काढलेल्या माणसाने आपल्या घरात शिरलेल्यांवर हक्क सांगितला नाही, हे मला बरं वाटलं.

स्वतःचं असं त्याने एकच सगळीकडे आणलं: कुत्रा. लांब कानांचा, आखूड पायांचा, कायम दुःखी दिसणारा बॅसेट हाउंड. त्याच्या स्वतःच्या कुत्रीचं नाव गॅब्रिएल. तिच्यासाठी तो टोकियो सोडून अतामीला राहायला गेला. ‘इनोसन्स’मध्ये काम संपवून बातो घरी येतो, कुत्रीचं खाणं ताटलीत काढतो, आणि ती खात असताना नुसता बघत राहतो. त्या दृश्यात कुणी कन्फ्यूशियस म्हणत नाही.

२००५ च्या जूनमध्ये मी ती खोली सोडली. सामान रिक्षात भरून झालं, काकू खोली बघायला वर आल्या. कॉट बघितली, कपाट उघडून बघितलं, आणि दार लोटल्यावर दारामागे त्यांना तो दिसला. पहिल्याच पावसाळ्यात ओला रेनकोट टांगायला मी रात्री चपलेने हळूच ठोकलेला दीड इंची खिळा. भोवतीचा चुना थोडा उडालेला. मी डिपॉझिटचे शंभर रुपये मनातल्या मनात सोडून दिले.

काकूंनी खिळा दोन बोटांत धरून हलवून बघितला. हलला नाही. “पक्का बसलाय की,” म्हणाल्या. मग हातातला किल्ल्यांचा जुडगा त्याला अडकवला आणि पदराआडचं पाकीट काढून माझे पैसे मोजायला लागल्या.